उच्च न्यायालयाने निर्दोष सोडलं, पण कार्यालय हजर करून घेत नाही. पुढे काय करावं?

तलाठी_कुटुंब

नमस्कार. माझे मिस्टर तलाठी होते. "होते" लिहिताना हात अडखळतो, कारण न्यायालयाच्या निकालानंतर मी "आहेत" असं लिहायला हवं. पण नेमकं तेच कार्यालय मान्य करत नाहीये, म्हणून इथे विचारते आहे.

१९९६ ला नोकरीला लागले. २०११ च्या डिसेंबरात एका फेरफार नोंदीवरून ट्रॅप झाला, म्हणजे लाच घेताना पकडण्याचा सापळा. रक्कम दोन हजार. ह्यांचं म्हणणं पहिल्या दिवसापासून एकच आहे: पैसे मागितले नाहीत, तक्रारदाराने ते टेबलावरच्या दप्तरात सरकवले आणि ह्यांनी दप्तर उचललं तेव्हा बोटांना नोटांवरची पावडर लागली. निलंबन झालं. दीड वर्षाने परत घेतलं, दुसऱ्या तालुक्यात अकार्यकारी जागेवर बसवलं. फेब्रुवारी २०१७ मध्ये विशेष न्यायालयाने लाचलुचपत प्रतिबंधक कायद्याच्या कलम ७ आणि १३ खाली एक वर्ष सक्तमजुरी आणि दंड सुनावला. लगेच उच्च न्यायालयात अपील केलं, शिक्षेला स्थगिती मिळाली, जामीन झाला. एक दिवसही आत राहावं लागलं नाही, त्यामुळे आम्हाला वाटलं नोकरीही वाचली. जूनमध्ये बडतर्फीचा आदेश आला. दीड पानाचा. विभागीय चौकशी नाही, म्हणणं मांडायला बोलावणं नाही. "दोषसिद्धीस अनुसरून" हे दोन शब्द मला आता झोपेतही आठवतात.

त्यानंतरची सात वर्षं कशी काढली ते सगळं सांगत बसत नाही. हे एका खताच्या दुकानात हिशेब लिहायला जातात, मी शिवणकाम करते. मोठीच्या लग्नाच्या बायोडेटात वडिलांच्या व्यवसायापुढे "शेती" लिहिलं. अर्धा एकर आहे आमची. ते लिहिताना हे खोलीतून उठून बाहेर गेले, एवढंच सांगते.

ऑगस्ट २०२४ मध्ये उच्च न्यायालयाने अपील मंजूर करून निर्दोष मुक्तता केली. तक्रारदार उलटतपासणीत फिरला होता, आणि पंचाने पैसे मागितल्याचं बोलणं आपण ऐकलंच नाही असं सांगितलं होतं. न्यायमूर्तींनी लिहिलंय की मागणी सिद्धच झालेली नाही. पण शेवटून दुसऱ्या परिच्छेदात "संशयाचा फायदा" असेही शब्द आले आहेत.

९ सप्टेंबरला प्रमाणित प्रत जोडून अर्ज दिला. आता फेब्रुवारी २०२५ उजाडला. मी स्वतः चार वेळा गेले. एकदा सांगितलं, "मार्गदर्शन मागवलंय." दुसऱ्यांदा, "सरकार सर्वोच्च न्यायालयात जाणार की नाही ते ठरू द्या." गेल्या खेपेला आस्थापनेच्या बाबूंनी फाईल उघडून निकालाचं तेच पान दाखवलं. त्या दोन शब्दांखाली पेन्सिलने रेघ मारलेली होती. म्हणाले, "वहिनी, ही ससन्मान मुक्तता नाही." दुसऱ्या कुठल्याही ओळीखाली रेघ नव्हती.

मे २०२७ मध्ये ह्यांना ५८ पूर्ण होतात. सव्वादोन वर्षं राहिली. मला एवढंच कळून घ्यायचं आहे की नोकरी परत मिळणं हा हक्क आहे का मेहेरबानी? सात वर्षांचा पगार मिळतो का? आता नव्याने चौकशी लावू शकतात का? वकिलाकडे जायच्या आधी आपल्याला काय मागायचं हे नीट ठाऊक असावं, असं वाटतं. कुणी अशातून गेलं असेल तर कृपया लिहा.

निवृत्त_अव्वल_कारकून

ताई, मी महसुलातच होतो, शेवटची अकरा वर्षं आस्थापना शाखेत. अशा बडतर्फीच्या टिपण्या मी स्वतः लिहिल्या आहेत, आणि उलट दिशेच्या म्हणजे परत घेण्याच्या दोन. त्यामुळे कार्यालयात काय चाललं असेल ते मला इथे बसून दिसतं.

आधी बडतर्फी कशी झाली ते समजून घ्या, कारण परतीची वाटही तिथूनच आहे. संविधानाच्या कलम ३११(२) प्रमाणे चौकशीशिवाय कर्मचाऱ्याला काढता येत नाही. पण त्याच कलमाच्या दुसऱ्या परंतुकातल्या खंड (क) मध्ये अपवाद आहे: फौजदारी आरोपावर दोषसिद्धी झाली असेल तर त्या वर्तनासाठी चौकशी न करता काढता येतं. १९८५ च्या तुलसीराम पटेल निकालाने ते पक्कं केलं. आपल्याकडे महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मधला नियम १३ तेच सांगतो. मिस्टरांच्या आदेशात हा नियम लिहिलेला असणार, काढून बघा.

शिक्षेला स्थगिती असताना काढलं याचं तुम्हाला वाईट वाटलं, ते कुणालाही वाटेल. पण तो आदेश त्या दिवशी कायद्याला धरून होता. १९९५ च्या नागूर मीरा निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की स्थगिती शिक्षेच्या अंमलबजावणीला असते, दोषसिद्धी उभीच राहते, आणि अपिलाचा निकाल लागेपर्यंत खात्याने थांबायची गरज नाही. आम्ही टिपणीत हा निकाल हमखास घालायचो.

आता माझा मुद्दा. त्याच निकालात, त्याच परिच्छेदात, पुढे असंही आहे की कर्मचारी अपिलात सुटला तर बडतर्फीचा आदेश केव्हाही बदलता येतो, आणि तो परत सेवेत आला तर सेवेत राहिला असता तर जे लाभ मिळाले असते ते सगळे त्याला मिळतील. बडतर्फ करताना पहिला अर्धा भाग सगळे उतरवून घेतात. परत घ्यायची वेळ आली की दुसरा अर्धा कुणी काढून बघत नाही. तुमच्या अर्जात हा निकाल नाव घेऊन लिहा. ज्या कार्यालयाने त्याच्या आधारावर काढलं, त्याला तो नाकारणं जड जातं.

"संशयाचा फायदा" बद्दल. बाबूंनी रेघ मारली ती अगदीच हवेत मारलेली नाही. २०१२ च्या समुथिरम निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की संशयाचा फायदा मिळून सुटलेल्याला आपोआप परत घेण्याचा हक्क येत नाही. पण तो निकाल पूर्ण वाचा. त्या पोलीस कर्मचाऱ्यावर फौजदारी खटल्याच्या निकालाआधी स्वतंत्र विभागीय चौकशी होऊन तीत तो दोषी ठरला होता. म्हणजे फौजदारी खटला गेला तरी चौकशीचा पाया शिल्लक होता. तुमच्या मिस्टरांच्या बडतर्फीला दोषसिद्धीखेरीज दुसरा आधारच नाही. चौकशी झालेली नाही, साक्षीदार तपासलेला नाही, दोषारोपपत्रसुद्धा दिलेलं नाही. दोषसिद्धी रद्द झाली म्हणजे आदेशाखालची जमीनच निघाली. हा फरक अर्जात ठळक येऊ द्या.

शिवाय डिसेंबर २०२३ चा राम लाल निकाल आहे, राजस्थानातल्या शिपायाचा. त्यात न्यायालय म्हणालं की "संशयाचा फायदा" किंवा "ससन्मान मुक्तता" हे काही मंत्र नव्हेत, निकालात प्रत्यक्ष काय ठरलंय ते बघायचं. त्या शिपायाविरुद्ध तर चौकशीही पूर्ण झाली होती, तरी त्याला परत घ्यायला लावलं. तुमच्या निकालात मागणी सिद्ध झाली नाही असं आहे. लाचेच्या खटल्यात मागणी हाच गाभा. २०२२ च्या नीरज दत्ता प्रकरणात घटनापीठाने सांगितलं की तक्रारदार फिरला तरी मागणी इतर पुराव्यावरून सिद्ध करता येते, पण ती सिद्ध व्हायलाच हवी. तुमच्या न्यायमूर्तींनी इतर पुरावाही पाहून नाही म्हटलं असेल तर तो परिच्छेद शोधा, आणि अर्जासोबतच्या प्रतीत तुम्हीही त्याखाली रेघ मारा. परिच्छेद क्रमांक अर्जात लिहा. साहेब एकोणीस पानं वाचत नाहीत, टिपणी वाचतात. आणि टिपणी लिहिणारा अर्जातले क्रमांक उचलतो.

सरकार सर्वोच्च न्यायालयात जाणार का, हे थांबण्याचं कारण होत नाही. स्थगिती आदेश नसेल तर आज उच्च न्यायालयाचा निकाल लागू आहे. आम्ही असं प्रकरण आलं की "पुढील अपिलाच्या निकालाच्या अधीन राहून" असे शब्द घालून पुनःस्थापनेचा आदेश काढायचो. तुम्हीच अर्जात लिहून द्या की तशा अटीवर हजर करून घ्यायला हरकत नाही. टेबलावरच्या माणसाची भीती अर्धी कमी होते. खरं सांगतो, पुष्कळदा फाईल द्वेषाने अडत नाही, भीतीने अडते. लाचेच्या प्रकरणातला माणूस परत घेतला म्हणून उद्या आपल्यालाच कुणी विचारलं तर, ही भीती.

पगाराचं उद्या लिहितो. ते प्रकरण मोठं आहे, आणि त्यात मला तुम्हाला खोटी आशा द्यायची नाही.

शिल्पनिदेशक_आयटीआय

काकांनी पगाराचं लिहिण्याआधी मी माझं सांगतो, म्हणजे ताईंना अंदाज येईल.

माझं प्रकरण लाचेचं नव्हतं. बांधावरून भावकीत मारामारी झाली, त्यात कलम ३२६ लागलं. मी त्या दिवशी शेतावर होतो, पण काठी माझ्या हातात नव्हती. २०१५ ला शिक्षा झाली आणि दोन महिन्यांत बडतर्फी. २०१८ ला सत्र न्यायालयाने निर्दोष सोडलं. हजर करून घ्यायला अकरा महिने लावले.

मिळालं काय? सुटल्याच्या तारखेपासून हजर होईपर्यंतचे अकरा महिने पूर्ण पगार. त्याआधीच्या तीन वर्षांचा एक रुपया नाही, पण ती तीन वर्षं वेतनवाढ, ज्येष्ठता आणि निवृत्तिवेतनासाठी सेवा म्हणून धरली. मला सुरुवातीला हा अन्याय वाटला. माझ्या वकिलांनी समजावलं की ही विभागणी सर्वोच्च न्यायालयाच्या २००३ च्या जयपाल सिंग निकालातून आली आहे. खटला खात्याने भरलेला नव्हता, तो भांडणातून आला, मग काम न केलेल्या काळाचा पगार खात्याने का द्यावा, असा तो विचार. त्याआधी १९९६ ला गुजरातच्या वीज मंडळातल्या ठाकोर प्रकरणातही तेच झालं होतं: खुनाच्या आरोपातून सुटला, नोकरी परत मिळाली, मागचा पगार नाही.

ताई, एक गोष्ट जपा. आदेश हातात पडला की आनंदात घरी जाऊ नका, तिथेच उभं राहून वाचा. माझ्या आदेशात "सदर कालावधी सेवाखंड न मानता" एवढंच होतं. कशासाठी धरायचा ते लिहिलंच नव्हतं. सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे गेलं आणि आक्षेप लागून परत आलं. वेतनवाढी कशाच्या आधारावर दिल्या, असा आक्षेप. मग शुद्धिपत्रक काढायला पाच महिने. त्यातच १ जानेवारी २०१६ ला मी सेवेत नव्हतो, त्यामुळे सातव्या वेतन आयोगाची वेतननिश्चिती काल्पनिक पद्धतीने, म्हणजे सेवेत होतो असं धरून, करावी लागली, तिच्यासाठी वेगळा पत्रव्यवहार. तुमच्या मिस्टरांना सव्वादोन वर्षंच आहेत, शुद्धिपत्रकात पाच महिने घालवणं त्यांना परवडणार नाही.

पहिल्या दिवशी सही करताना मस्टरवर माझं नाव छापलेलं नव्हतं. खाली हाताने लिहिलं होतं. मी ते नाव बराच वेळ बघत राहिलो. ज्याने लिहिलं त्या शिपायाने काही विचारलं नाही, फक्त पेन पुढे केलं.

निवृत्त_अव्वल_कारकून

निदेशकांनी जे लिहिलं तेच मी सांगणार होतो. आता ताईंच्या बाबतीत ते कसं बसतं ते बघू.

पगाराचे तीन तुकडे करा, कारण तिघांचे नियम वेगळे आहेत. पहिला तुकडा निर्दोष सुटल्यापासून हजर होईपर्यंतचा. हा तुमचा सगळ्यात भक्कम. मिस्टर यायला तयार होते, अर्ज देऊन बसले होते, खात्याने घेतलं नाही. म्हणून ९ सप्टेंबरच्या अर्जाची पोच जिवापाड सांभाळा. आवक क्रमांक आणि शिक्का दिसेल अशी पोच नसेल तर उद्याच आवक बारनिशीतली नोंद बघून तारीख उतरवून आणा.

दुसरा तुकडा बडतर्फीपासून निर्दोष सुटेपर्यंतचा, सात वर्षांचा. इथे मन घट्ट करा. हा काळ सेवा म्हणून धरला जाईल अशी मला चांगली आशा आहे, पण पूर्ण पगार मिळेलच असं मी म्हणणार नाही. राम लाल निकालातसुद्धा मागच्या पगारातला ५० टक्केच दिला होता. खातं म्हणेल, ट्रॅप आम्ही लावला नाही. तुम्ही म्हणू शकता की खटल्याची मंजुरी सक्षम प्राधिकाऱ्याने दिली होती, म्हणजे खातं अगदी तिऱ्हाईत नव्हतं. हा युक्तिवाद दरवेळी चालतो असं नाही. तरी मागा. न मागितलेलं कुणी देत नाही.

पैसे नाही मिळाले तरी हा काळ धरला जाणं किती मोठं आहे ते आकड्यात बघा. १९९६ ते २०१७ ही एकवीस वर्षं बडतर्फीने गेली होती, कारण बडतर्फ झाल्यावर मागची सगळी सेवा जप्त होते, पेन्शन नाही, उपदान (ग्रॅच्युइटी) नाही. ते नोव्हेंबर २००५ च्या आधीचे, म्हणजे जुन्या पेन्शनचे. आदेश रद्द होऊन काळ सेवेत धरला तर २०२७ ला एकतीस वर्षांची सेवा होते, आणि शेवटचं मूळ वेतन सगळ्या काल्पनिक वेतनवाढींसह धरलं जातं. त्यावरची पेन्शन त्यांना, आणि त्यांच्यामागे कुटुंब निवृत्तिवेतन तुम्हाला. सात वर्षांच्या थकबाकीपायी ह्याची हेळसांड होऊ देऊ नका.

तिसरा तुकडा सगळे विसरतात: २०११ ते २०१३ चं निलंबन. त्यात निर्वाह भत्ता मिळाला असेल, आधी अर्ध्या पगाराच्या रजेच्या वेतनाइतका आणि तीन महिन्यांनंतर वाढवून. परत घेताना बहुधा "निलंबन कालावधीबाबत न्यायालयीन निर्णयानंतर" असं लिहून ठेवलं असणार. तो निर्णय आता झाला. १९८१ चे पदग्रहण अवधी, स्वीयेतर सेवा आणि निलंबन, बडतर्फी व सेवेतून काढून टाकणे यांच्या काळातील प्रदाने असे लांबलचक नावाचे नियम आहेत. त्यातला नियम ७२ निलंबनाच्या काळासाठी. बडतर्फी खात्यातल्या अपिलात किंवा पुनर्विलोकनात रद्द झाली तर नियम ७०, न्यायालयाने रद्द केली तर ७१. पूर्ण पगारापेक्षा कमी द्यायचं असेल तर आधी नोटीस देऊन म्हणणं मागवावं लागतं. तशी नोटीस आली तर घाबरू नका, ती तुमच्या बाजूची पायरी आहे. मुदतीत उत्तर द्या.

अर्ज ज्या अधिकाऱ्याने बडतर्फ केलं त्याच्याच नावे, प्रत जिल्हाधिकाऱ्यांना. आणि विनंती एका ओळीत गुंडाळू नका. बडतर्फीचा आदेश रद्द करावा; हजर करून घ्यावं; मधला काळ वेतनवाढ, ज्येष्ठता, पदोन्नती आणि निवृत्तिवेतन या सगळ्या प्रयोजनांसाठी कर्तव्यकाळ धरावा; सोबतच्यांना मंडळ अधिकारी केलं असेल तर मानीव दिनांक (त्यांच्या बढतीचीच तारीख) द्यावा; निलंबनाचा काळ वेगळ्या आदेशाने नियमित करावा. प्रत्येक मागणीचा स्वतंत्र परिच्छेद.

मॅटमधली_वकील

काकांचं बहुतेक सगळं बरोबर आहे. मी मुदतीचं तेवढं सांगते, कारण चांगली प्रकरणं मुदतीत मेलेली मी पाहिली आहेत.

तुमचे मिस्टर राज्य शासनाचे कर्मचारी, त्यामुळे दाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे त्याची खंडपीठं आहेत. (इथे वाचणाऱ्यांपैकी कुणी जिल्हा परिषदेचे असतील तर त्यांनी मॅटमध्ये जाऊ नये. त्यांचे शिस्तीचे नियम १९६४ चे वेगळे आणि त्यांना उच्च न्यायालयातच जावं लागतं.) १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याप्रमाणे खात्याकडे अर्ज दिल्यावर सहा महिन्यांत निर्णय झाला नाही तर त्यानंतर एक वर्षाच्या आत मूळ अर्ज दाखल करावा लागतो. ९ सप्टेंबर २०२४ ला अर्ज दिला, सहा महिने ९ मार्चला पूर्ण होतात. तिथून वर्ष मोजा. काकांनी सांगितलेला सविस्तर अर्ज जरूर द्या, पण त्या नव्या अर्जापासून मुदत नव्याने सुरू होईल असं समजू नका. पुनःपुन्हा अर्ज दिल्याने मुदत वाढत नाही हे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ सालीच सांगितलंय. मी तर म्हणेन, तुम्हाला वर्ष थांबायचं कारणच नाही. मार्च उलटला की दाखल करा आणि निवृत्तीची तारीख पहिल्याच पानावर लिहा, लवकर सुनावणी मागायला ती पुरेशी आहे.

सर्वोच्च न्यायालयात जाण्याबद्दल: विशेष अनुमती याचिकेला ९० दिवस असतात, ते नोव्हेंबरातच संपले. उशीर माफ करून घेता येतो, तरीही माहितीच्या अधिकारात दोन प्रश्न विचारून ठेवा. या निकालाविरुद्ध याचिका दाखल करण्याचा निर्णय झाला आहे का, झाला असल्यास तारीख. आणि तुमच्या ९ सप्टेंबरच्या अर्जावरच्या टिपणीची प्रत. तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. "झालेला नाही" असं लेखी उत्तर मिळालं की त्यांचं ते कारण तिथेच संपतं.

नव्या चौकशीची भीती खरी आहे. निर्दोष सुटल्यावरही विभागीय चौकशी लावायला कायद्याने सरसकट बंदी नाही, कारण तिथे पुराव्याचं माप वेगळं असतं. पण २०११ च्या घटनेवर २०२५ मध्ये, तेही साक्षीदार न्यायालयात फिरलेला असताना, दोषारोपपत्र दिलं तर त्या उशिराला आव्हान देता येतं. आणि चौकशी सुरू न होता ते निवृत्त झाले तर प्रश्नच मिटतो: पेन्शन नियमांतल्या नियम २७ प्रमाणे निवृत्तीनंतर चार वर्षांपेक्षा जुन्या घटनेवर विभागीय चौकशी सुरू करता येत नाही.

तलाठी_कुटुंब

सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री हे सगळं ह्यांना वाचून दाखवलं. नागूर मीराचा दुसरा अर्धा भाग ऐकल्यावर ह्यांनी बडतर्फीचा आदेश काढून आणला. काका, तुम्ही म्हणालात तसं त्यात नियम १३ आहे, आणि तो निकालही नावानिशी आहे. सात वर्षं ते नाव घरात होतं आणि ते आमच्याही बाजूचं असू शकतं हे आम्हाला माहीत नव्हतं.

निकालातला परिच्छेदही सापडला. चौदावा. पंच आणि सापळ्याआधीच्या पडताळणीचं ध्वनिमुद्रण दोन्हींचा विचार करून मागणी सिद्ध होत नाही असं त्यात लिहिलंय. पोचेवर आवक क्रमांक आहे, शिक्का पुसट आहे पण तारीख वाचता येते.

एक शंका राहिली. ह्यांनी दुकानात हिशेब लिहिले, महिन्याला सात-आठ हजार मिळायचे. ते कळलं तर नोकरी करत होता म्हणून परत घेणं नाकारतील का? ह्यांना झोप नाही त्या विचाराने. म्हणतात, दुकानाचं लिहूच नको.

निवृत्त_अव्वल_कारकून

लिहा, ताई, स्वच्छ लिहा. बडतर्फीनंतर ते शासकीय सेवक नव्हते, पोटासाठी काम करायला त्यांना कसलीच बंदी नव्हती, आणि त्यावरून कुणाला परत घेणं नाकारता येत नाही. बंधन एवढंच की मधल्या काळाचा पगार मिळाला तर त्या काळात दुसऱ्या नोकरीतून मिळालेली रक्कम त्यातून वळती होते. तो नियमातच आहे. उलट लपवलं आणि उद्या कुणी दुकानदाराचं पत्र आणून फाईलला लावलं, तर चौदाव्या परिच्छेदाने कमावलेलं सगळं त्या एका कागदापायी घालवाल.

दुकानदाराकडून वर्षवार किती दिले याचा साधा दाखला घ्या, सही-तारखेसह. तो आत्ता जोडू नका, जवळ ठेवा. पगाराचा प्रश्न निघून नोटीस येईल तेव्हा उत्तरासोबत द्या. आणि अर्जाचा कच्चा मसुदा इथे टाका, नाव-गाव काढून. मी शब्द बघून देतो. निदेशकांच्या आदेशात जी ओळ राहिली होती, ती तुमच्या मागणीत आधीच घालून टाकू.

तलाठी_कुटुंब

आज रात्री टाकते. अक्षर ह्यांचंच असेल, मी फोटोवरून टाइप करेन. सकाळी सहापासून लिहायला बसलेत.